वस्तादांनी बसवलेला खांदा

माझं काम काय आहे ते नीट समजावून सांगायला बसले की पहिल्याच वाक्याला समोरचा जांभई देतो. म्हणून हल्ली मी एवढंच सांगते, "अपघात होऊन गेल्यावर माणसाच्या अंगात जे उरतं ना, त्याला मी नंबर देते." मग मात्र लोक खुर्ची पुढे ओढतात.

मी मेडिकल कोडर. शिवांजली खाडे, मुक्काम कोल्हापूर. इस्पितळातून फाइल येते, तिच्यातलं डॉक्टरांचं लिखाण वाचायचं आणि प्रत्येक दुखण्याला ठरलेला अक्षरं-आकड्यांचा कोड लावायचा. त्यात माझ्याकडे वाहन-अपघातांच्या उत्तर-परिणामांचं टेबल. म्हणजे हाड जुळलं, टाके निघाले, पण पाय आखूडच राहिला. डोक्याचा मार बरा झाला, पण वास येईनासा झाला. अशा वेळी दोन कोड लागतात. आधी आज काय उरलंय त्याचा, मग ते कशाने उरलं त्याचा. आणि डॉक्टरांनी लिहिलंय तेवढंच कोड करायचं, आपली अक्कल चालवायची नाही, हा आमच्या धंद्याचा मोठा नियम. मला तो फार जड जातो. माझ्या माहेरी अक्कल चालवल्याशिवाय कुणी चहासुद्धा करत नाही.

आता रस्त्यावरच्या निम्म्या गाड्या आपल्या आपण चालतात. पिऊन कुणी बसला तर गाडी जागची हलत नाही. अपघात कमी झाले, देवाची कृपा. पण होऊन गेलेले अपघात माणसं अंगावर घेऊन फिरतातच की. त्यामुळे माझं टेबल काही रिकामं झालं नाही. आणि त्या टेबलावर एक दिवस माझ्याच घरचा विषय येऊन पडला.

माझे सासरे हिंदुराव खाडे. पेठेत त्यांना नावाने कुणीच हाक मारत नाही, सगळे वस्ताद म्हणतात. घरात मुलं आबा म्हणतात, मी मामा म्हणते. उभा जन्म तालमीत गेला. पोरं घडवली, मैदानं मारली, आणि त्याहून जास्त नाव कमावलं ते हाडं बसवण्यात. आमच्याकडे खांदा निखळला, घोटा मुरगळला की माणूस आधी तालमीत जातो आणि मग सवड मिळाली तर दवाखान्यात. बाहेरगावच्या डॉक्टरांना हे ऐकून घाम फुटतो. पण वस्तादांच्या हाताला गुण आहे, असं सारी पेठ म्हणायची, आणि मामांना ते ऐकायला आवडायचं. का नाही आवडणार?

धाकटा मुलगा रणधीर, म्हणजे माझा दीर, त्यांचा सगळ्यात लाडका पठ्ठ्या. तो बाविशीत होता आणि मी नुकतीच लग्न होऊन या घरात आले होते, तेव्हाची गोष्ट. शिये फाट्याजवळ त्याची मोटरसायकल घसरली आणि तो उजव्या खांद्यावर आपटला. दोस्तांनी त्याला उचलला आणि नेला कुठे, तर तालमीत. आता यांना काय म्हणावं! मामांनी बघितलं, खांदा निखळलेला. काखेत टाच रोवली, हात धरला, ओढला आणि खांदा बसवला. त्यानंतर इस्पितळात नेलं. तिथे लक्षात आलं की हात हलतच नाही. खांद्यापासून बोटांपर्यंत लाकूड.

डॉक्टरांनी विचारलं, "हा ओढला कुणी?"

रणधीर म्हणाला, "आबांनी."

झालं. 'अप्रशिक्षित व्यक्तीने खांदा ओढल्यानंतर हात निकामी' असं फाइलवर लिहिलं गेलं. पुढे ती फाइल कुठल्यातरी कोडरकडे गेली. त्याने 'ओढल्यानंतर' वाचून 'ओढल्यामुळे'चा कोड ठोकून दिला. अपघाताचा परिणाम नव्हे, चुकीच्या उपचाराचा परिणाम. हे आमच्याच जातीच्या माणसाला जमतं. घाई, दुसरं काय. तो कोडर मला भेटला तर मी त्याचा चहा बंद करीन.

तो कोड मामांना कुणी वाचून दाखवला नव्हता. गरजच पडली नाही. रणधीरचा हात वाळत गेला आणि मामा तालमीतून घरी येऊन बसले. त्यानंतर नऊ वर्षं त्यांनी कुणाच्या अंगाला हात लावला नाही. पोरं मुरगळलेले पाय घेऊन दारात यायची, मामा आतूनच सांगायचे, "दवाखान्यात जावा." माझी मुलगी ओवी जन्मली, तिला त्यांनी एकदाही उचलून घेतलं नाही. मी एकदा तिला त्यांच्या मांडीवर ठेवायला गेले, तर हात मागे घेऊन म्हणाले, "नको गं अंजू. माझ्या हाताचा भरवसा न्हाई." मला त्या दिवशी रडूच कोसळलं.

रणधीर आजऱ्याला निघून गेला. काजूच्या कारखान्यात सुपरवायझर झाला, डाव्या हाताने लिहायला शिकला. दिवाळीला यायचा आणि एक रात्र राहून परत जायचा. बापलेकांचं बोलणं काय, तर "जेवलास?" आणि "व्हय." सासूबाई वारल्या तेव्हासुद्धा दोघे दोन कोपऱ्यांत उभे होते.

मग ते यंत्र आलं.

त्याचं सरकारी नाव व्रणवाचक. पेठेत त्याला 'चुगल्या' म्हणतात. पुलांचे पोलादी दोर का तुटतात याचा अभ्यास करणाऱ्या मंडळींनी ते काढलं. तुटलेल्या दोराचं टोक बघून त्यांना कळायचं की दोर किती वेगाने आणि कुठल्या बाजूला ओढला गेला. कुणाच्या तरी मनात आलं, माणसाचे स्नायू, नसा, व्रण हेही धाग्यांचेच की. पूर्वी हे बघायचं तर मांस कापून सूक्ष्मदर्शकाखाली धरावं लागे. आता इतके बारीक स्कॅनर आले की कातडीला धक्का न लावता एकेक धागा दिसतो. ते टोक आज असं आहे, तर तुटताना काय झालं असेल, हे संगणक उलटं चालत जाऊन मांडतो.

आमच्या ऑफिसात डॉक्टर बेनझीर मुजावर शिकवायला आल्या होत्या. पन्हाळ्याकडच्या आहेत, बोलणं एकदम सोपं. त्यांनी आम्हाला विचारलं, "चिक्कीचा गूळ ओढलाय का कधी कुणी?" कोल्हापुरात हा काय प्रश्न झाला! "तो कोमट असताना सावकाश ओढला तर तार निघते, टोक सुईसारखं होत जातं. तोच झटक्यात ओढला तर कट्कन तुटतो आणि टोक बोथट राहतं. आपल्या नसाही तशाच. गाडीचा धक्का क्षणाच्या आत बसतो. माणसाने कितीही जोर लावला तरी त्याचा हात सावकाश ओढतो. दोन्हींची टोकं वेगळी. आणि भिंतीवर रंगाचे हात एकावर एक दिसतात तसे व्रणही एकावर एक असतात. आधी काय झालं, नंतर काय झालं, तेही कळतं."

मी वहीत लिहून घेत होते आणि माझा हात थांबला. मामा डोळ्यांसमोर आले.

चुगल्याने गावात काय गोंधळ घातला म्हणता! एका टेम्पोवाल्याला त्याचा शेजारी वर्षानुवर्षं ऐकवत होता, "तुझ्या धडकेनं माझा गुडघा गेला." यंत्र म्हणालं, गुडघा त्याच्या आधीच गेलेला, मैदानी खेळात. टेम्पोवाला आमच्या ऑफिसात पेढे घेऊन आला. एका गृहस्थांनी बायकोला सांगितलं होतं, कंबर स्कूटर घसरून गेली. यंत्र म्हणालं, उंचावरून पडून. "कुणाच्या गच्चीवरून?" असं बायकोने तिथल्या तिथे विचारलं, आणि आम्ही सगळ्यांनी माना खाली घातल्या. जुन्या संशयाच्या फाइली पुन्हा तपासायच्या, असा नियमही निघाला. फक्त पेशंटची संमती हवी. तो नाही म्हणाला की फाइल बंद.

मी घरी काही बोलले नव्हते. पण पेठेत बातमी काय लपून राहते? एक दिवस मी भाजी निवडत होते, तर मामा समोर येऊन बसले.

"अंजू, ते तुमचं यंत्र म्हणं सांगतंय, कुणी मोडलं ते?"

"सांगतं, मामा. पण..."

"रणधीरचा हात दावता येईल?"

मी म्हटलं, "मामा, आणि ते तुमच्याच हाताने झालंय असं निघालं तर?"

"तर निघालं. मी तसंच धरून चाललोय की आजवर." मग म्हणाले, "पण मला कळू दे गं. मरायच्या आधी एकदा कळू दे. असं मधल्यामधी लटकून लई दिस झालं."

आमचे हे, म्हणजे विश्वजीत, रात्री मला म्हणाले, "नको त्या भानगडीत पडू. उलटं निघालं तर आबा आठवडाभर जगायचे नाहीत." खोटं नव्हतं ते. पण मी मामांना हो म्हणून बसले होते. मी रणधीरला फोन केला. त्याने पुरतं ऐकूनही घेतलं नाही. "नको वहिनी," म्हणाला आणि फोन ठेवून दिला. पुन्हा केला, उचलेना.

मी म्हटलं, थांबा, बघतेच. रविवारी उठले आणि गेले आजऱ्याला.

कारखान्याबाहेर काजूच्या टरफलांचा वास भरलेला. रणधीर मला बघून दचकला. उजवा हात खिशात घातलेला, नेहमीसारखाच. आम्ही बाहेरच्या बाकावर बसलो. मी प्रस्तावना वगैरे करत नाही.

"भावजी, तुम्हाला आबांवर राग धरायचाय तर खुशाल धरा. पण कशाच्या जोरावर धरलाय ते एकदा तपासून तरी घ्या. म्हातारा माणूस हात जोडून मागतोय. तुमचं काय जातंय? अर्धा तास आडवं पडायचं."

"राग?" तो म्हणाला. "मला कसला राग?"

"मग नऊ वर्षं काय लोणचं घालताय का अबोल्याचं?"

त्याला हसू आलं नाही. तो खाली बघत बसला. मी बोलत राहिले. मामा ओवीला उचलत नाहीत ते सांगितलं. ताटावर बसले तरी स्वतःच्या हाताकडे बघत बसतात ते सांगितलं. पायरीवर ठेच लागून शेजारचं म्हातारं माणूस पडत होतं आणि मामांचे हात पुढे गेले नाहीत, आणि मग ते दिवसभर जेवले नाहीत, तेही सांगितलं. रणधीरचा चेहरा पांढरा पडला. मला वाटलं, बरं झालं, लागलं एकदाचं.

"येतो," तो म्हणाला. "पण एकटा. आबांना तिथं आणायचं न्हाई."

मला वाटलं, केवढा हा ताठा! पण येतोय ना, म्हणून मी गप्प बसले.

घरच्या माणसाची फाइल आम्हाला हाताळता येत नाही, म्हणून कोडिंग दुसऱ्या टेबलाला गेलं. मी नुसती नातेवाईक म्हणून यंत्राच्या खोलीबाहेर बसले. आयुष्यात पहिल्यांदा मला कळलं की बाकावर बसलेल्या नातेवाइकांचे पाय असे का हलत असतात. मी मनात अंबाबाईला साकडं घालत होते. म्हटलं, बाई गं, एरवी मी तुझ्याकडे काही मागत नाही, गर्दी असते म्हणून येतही नाही, पण आज एवढं कर.

स्कॅन झाल्यावर डॉक्टर मुजावरनी आम्हा दोघांना आपल्या खोलीत बोलावलं. पडद्यावर रणधीरच्या मानेचं आणि खांद्याचं चित्र होतं, धागा धागा सुटा केलेलं.

"मानेच्या मणक्यातून हाताकडे नसा निघतात," त्या म्हणाल्या. "यांच्या नसा वाटेत तुटलेल्या नाहीत, मुळापासून उपटल्यात. ओढ खालच्या दिशेने आहे. आता अडचण अशी की रस्त्यावर खांदा आपटला तेव्हाही ओढ खालीच बसली असणार, आणि हात धरून ओढला तेव्हाही खालीच. नुसती दिशा बघून निवाडा होत नाही."

"म्हणून वेग बघायचा." त्यांनी चित्र मोठं केलं. "ही टोकं बघा. सगळी बोथट. एकही बारीक झालेलं नाही. हे क्षणाच्या आत झालंय. असा झटका माणसाच्या हातात नसतो, तो पैलवान असला तरी. हे रस्त्यावरच झालं."

"नक्की?" मी विचारलं.

"नक्की. आणि त्याच्यावर दुसरा थर आहे, हा इथे. हा सावकाश ओढल्याचा. याने काहीच तुटलेलं नाही. खांदा निखळला होता, तो बरोब्बर जागेवर बसलाय. मी ऑपरेशन थिएटरमध्ये याहून वाईट बसवलेले बघितलेत." मग बोट उगारून म्हणाल्या, "पण हे तुमच्या पेठेत सांगत सुटू नका. पुढचा खांदा कुणीही ओढायचा नाही. पेशंट सरळ आमच्याकडे आणायचा."

मी "हो हो" म्हणत होते आणि डोळ्यांतून धारा लागल्या होत्या. नऊ वर्षांचं ओझं, आणि ते माझं नव्हतंसुद्धा, पण माझ्या खांद्यावरून कुणी पोतं उतरवून घ्यावं तसं झालं. मी डॉक्टरांचे हात धरले. त्यांनी मला पाणी दिलं. हातरुमाल शोधताना माझं रणधीरकडे लक्ष गेलं.

तो रडत नव्हता, हसत नव्हता. चकितही झाला नव्हता. पडद्याकडे बघत होता, घरचा पत्ता वाचावा तसा.

घरी निघालो. गाडी आपली आपण चालत होती म्हणून बरं, नाहीतर त्या दिवशी मी आणखी एक अपघात केला असता. मी त्याच्याकडे वळून बसले.

"तुम्हाला माहीत होतं."

तो खिडकीबाहेर बघायला लागला.

"भावजी, मी तुमच्याशी बोलतेय."

"रस्त्यावरच कळलं होतं," तो म्हणाला. "पडल्या पडल्या. फोन काढायला हात खिशाकडं न्यायला गेलो, तर हात आलाच न्हाई. बोटं चिमटून बघितली. काय कळंना. मग दोस्तांनी उचललं. आबांनी खांदा बसवायच्या आधीच हात गेलेला होता, वहिनी."

"मग डॉक्टरांनी विचारलं तेव्हा..."

"त्यांनी विचारलं कुणी ओढला. मी म्हटलं आबांनी. ते खरंच होतं. पुढचं बोललो न्हाई."

"का?"

"कुस्तीचं मैदान आठ दिवसांवर होतं. आबांनी बजावलं होतं, गाडीला हात लावायचा न्हाई. मी दोस्तांबरोबर शर्यत लावलेली. म्हटलं, आता आबा जीव घेतील. आणि बघतो तर आबा भिंतीला टेकून रडत होते. म्हणत होते, माझ्या हातानं घात केला. मी त्यांना कधी रडताना बघितलं नव्हतं. सांगितलं असतं तर त्यांचं रडणं थांबलं असतं आणि माझ्यावर आलं असतं. म्हटलं, चार दिवसांनी सांगू. चार दिवसांनी म्हटलं, डिस्चार्ज झाल्यावर सांगू. मग त्यांनी तालीम सोडली. मग तर तोंडच उरलं न्हाई. म्हणून गेलो आजऱ्याला."

माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली. अहो-जाहो कुठल्या कुठे पळालं.

"अरे माणूस आहेस का कोण आहेस तू? म्हातारा स्वतःला कसाई समजत जगला आणि तू तिकडे काजू मोजत बसलास? तुझी आई त्याच घोरात गेली! मेल्या, एक वाक्य! एका वाक्याचं काम होतं रे!"

"व्हय," तो म्हणाला. नुसतं व्हय. आपली बाजू मांडली असती तर मी आणखी चार शब्द सुनावले असते. पण तो मान खाली घालून बसला होता, आणि मला त्याची दयाही यायला लागली, याचा मला आणखीनच संताप आला.

पेठ जवळ आली तसा तो हळूच म्हणाला, "आता यंत्रानं सांगितलंच की. आबा सुटले. आता मी बोलायची गरज हाय का?"

खरं सांगते, माझ्याही मनात तेच येऊन गेलं. मामांना हवं होतं ते मिळालं. त्यांच्या आनंदात विष कशाला कालवायचं? पोटच्या पोराने जाणूनबुजून जळत ठेवलं, हे कळून कुठल्या बापाला बरं वाटेल? आणि लपवायचं म्हटलं तर मलाही जन्मभर त्यांच्या समोर बसून भाजी निवडायची होती.

"तुमचं तुम्ही ठरवा," मी म्हटलं. "माझ्या तोंडून जाणार नाही. पण मला विचारलं तर मी खोटंही बोलणार नाही."

मामा पुढच्या सोप्यात बसले होते. सकाळीच दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून. विश्वजीत शेजारी उभे. मला बघून मामा उठायला लागले आणि पुन्हा बसले. मी चपलासुद्धा काढल्या नाहीत.

"मामा, तुम्ही नाही. तुमच्या हाताने काही झालं नाही. जे झालं ते रस्त्यावरच झालं."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. मग पहिला प्रश्न काय विचारला असेल?

"आणि मी बसवला तो?"

"नीट बसवलाय. डॉक्टर म्हणाल्या, बरोब्बर जागेवर आहे."

"बरोब्बर?"

"बरोब्बर, मामा."

त्यांनी डोळे मिटले आणि इतका लांब श्वास सोडला की मला वाटलं हा आता संपतच नाही. विश्वजीत लहान पोरासारखे हुंदके देऊन रडायला लागले. मामा मात्र हसत होते. डोळ्यांतून पाणी आणि तोंडावर हसू. "बसला हुता की," ते पुन्हा पुन्हा म्हणत होते. "टक् करून वाजलं हुतं. मला कळलं हुतं बसला म्हणून." मग त्यांनी दारात उभ्या असलेल्या रणधीरला बघितलं.

"ये की रं आत. परक्यागत का हुबा?" त्यांचा आवाज मऊ झाला होता. "तुझी काय चूक न्हाई बाळा. डागदरच म्हणला, तर तुला तसं वाटणारच. बापानं हात मोडला म्हटल्यावर कोण बोलंल बापासंगं? मी कधी तुझा राग मानला न्हाई. जाऊ दे. झालं गेलं पंचगंगेला मिळालं."

मी खांबाला धरून उभी होते. रणधीरकडे बघायचा मला धीर होईना. त्याला बोलायची आता खरंच काही गरज नव्हती. बापाने स्वतःच दार उघडून दिलं होतं, नुसतं आत यायचं होतं.

तो आत आला आणि मामांच्या समोर खाली बसला.

"आबा, मला माहीत होतं."

"काय?"

"हात रस्त्यावरच गेला होता. तुम्ही हात लावायच्या आधीच. मला तवाच कळलं होतं. शर्यत लावली होती म्हणून भ्यालो आणि सांगितलं न्हाई. तुम्ही रडत होता तरी सांगितलं न्हाई. नंतरपण न्हाई."

विश्वजीतचं रडणं मध्येच थांबलं. मामांच्या चेहऱ्यावरचं हसू हळूहळू विझलं आणि त्यांची मान ताठ झाली. मी त्यांना कधी आखाड्यात बघितलं नव्हतं, पण त्या क्षणी मला वस्ताद दिसले.

आणि त्यांनी रणधीरच्या कानाखाली वाजवली.

असा आवाज निघाला की शेजारचं कुत्रं भुंकायला लागलं. रणधीर कलंडला आणि डाव्या हातावर सावरला. विश्वजीत पुढे झाले, मी त्यांचा दंड धरून मागे ओढलं. मामा आपल्या तळहाताकडे बघत होते. तो लाल झाला होता. त्यांनी तो उलटा केला, सुलटा केला. मग तोच हात पुढे करून त्यांनी रणधीरची हनुवटी धरली आणि त्याचं तोंड उजेडाकडे वळवलं. गालावर पाचही बोटं उठली होती.

"लागलं?" त्यांनी विचारलं.

"लागलं आबा," रणधीर म्हणाला. तो आता ढसाढसा रडत होता. "लई लागलं."

"लागू दे," मामा म्हणाले, आणि दुसऱ्या हाताने त्याच्या सदऱ्याची बटणं काढायला लागले. "गप बस. हलू नको. खांदा बघू दे मला."